मूकपटातलं ‘येतो’

ज्या माणसाचे आभार मानायचे आहेत तो कधीच गेला. डेन्मार्कचा होता, मूकपटांत काम करायचा, आणि आमच्या घराशी त्याचा काडीचाही संबंध नव्हता.

आठवड्यातून एक दिवस मी अ‍ॅमस्टरडॅममधल्या एका फिल्म संग्रहालयात फुकट काम करते. ऑफिसात सगळं इंग्लिशमध्ये चालतं, मग डच सुधारायचं कसं? तर जुन्या मूकपटांतल्या संवादांच्या डच पाट्या टाइप करून. तिथेच हा मला भेटला. कोपनहेगनच्या नाटकांतून सिनेमात आला आणि बघता बघता युरोपभर लोक त्याला चेहऱ्यानं ओळखायला लागले. भाषेची अडचणच नव्हती ना! सिनेमा ज्या देशात जाईल तिथल्या भाषेतल्या पाट्या जोडायच्या, झालं. मग बोलपट आले आणि याची बोलती बंद झाली. डॅनिश बाहेर कोणाला कळणार? जर्मन बोलायला गेला तर लोक हसायचे. शेवटी परत गावी जाऊन नाटकांत बारीकसारीक भूमिका केल्या. हे वाचलं तेव्हा मला फार लागलं, कारण बोलती बंद झालेला एक माणूस अ‍ॅमस्टरडॅमला लागून असलेल्या डीमनमधल्या आमच्या फ्लॅटमध्ये सोफ्यावर बसून होता.

माझे बाबा. पक्षाघातानंतर त्यांना कळायचं सगळं, शब्द तेवढा सापडायचा नाही. आई-बाबा पुण्याहून दोन महिन्यांसाठी आले होते. बाबा "ते... ते..." करायला लागले की मी "चहा? चष्मा? टीव्ही?" अशा फैरी झाडायचे. मला धीर कुठला! आई म्हणायची, "अगं, घोड्यावर बसून आलीयेस का? बोलू दे की त्यांना." पण मी त्यांच्या तोंडचा शब्द काढून घ्यायचेच. हळूहळू त्यांनी "ते" म्हणणंही सोडलं. माझी आठ वर्षांची लेक मराठीत विचारलं तरी डचमध्ये उत्तर देणारी, त्यामुळे आजोबा-नातीचं सगळं खुणांवर. परतीला दहा दिवस राहिले. बाबा असे गप्पच परत जाणार होते.

त्या रविवारी दुपारी संग्रहालयात त्या नटाचा सिनेमा लागला, पियानोच्या साथीनं. आम्ही सगळे गेलो. पाट्या मराठीत सांगायचं काम लेकीला दिलं. मोडकंतोडकं का होईना, पठ्ठी आजोबांच्या कानात सांगत होती. "तो म्हणतो, बोट उद्या आहे." "त्याची आई म्हणते, जेवून घे."

मग तो नट दारात उभा राहिला. टोपी हातात, नजर आईवर. पाटी येईचना. किती वेळ नुसता उभा! मी त्याच्या शेजारी असते तर त्याच्या वतीनं बोलून मोकळी झाले असते. शेवटी पाटी आली आणि लेकीनं सांगितलं, "आई, मी जातो."

"ये..." बाबांची काठी जमिनीवर आपटली. "ये... येतो! येतो म्हण!"

पियानोवाल्या बाईंनी वळून पाहिलं. घरातून निघताना ‘जातो’ म्हणू नये, अभद्र असतं, हे पोरीला मी कधी सांगितलंच नव्हतं. "सॉरी, आजोबा," ती म्हणाली. "आई, मी येतो." बाबांनी मान डोलावली. आई रुमाल शोधायला लागली, आणि मी तर सरळ रडलेच.

त्यानंतर बाबा काही घडाघडा बोलायला लागले नाहीत. पण दिवसाला दोन-चार शब्द यायचे, कारण मी तोंडाला कुलूप घातलं होतं. पाटी येईपर्यंत थांबायचं, एवढं मी त्या नटाकडून शिकले. देव त्याचं भलं करो.

विमानतळावर आत सोडायच्या दारापाशी बाबा व्हीलचेअरमध्ये बसले होते, कानटोपी हातात. मागे लोक खोळंबले होते. बाबांनी ओठ उघडले, मिटले, परत उघडले. शब्द माझ्या अगदी जिभेवर आला होता. मी तो गिळला.

"येतो," बाबा म्हणाले.

"या, आजोबा," लेक म्हणाली. ‘येतो’ला ‘या’ म्हणायचं असतं, हे तिला मी शिकवलेलं नव्हतं. ते बाबांनी शिकवलं होतं.