कानपिळीचा मान

गेल्या रविवारी भाच्याच्या लग्नात देण्याघेण्याची पाकिटे माझ्याकडे होती. होमाजवळ नवरा-नवरी, गुरुजी, नवऱ्याची आई म्हणजे माझी ताई, नवरीची थोरली बहीण मीनल आणि मी, एवढी माणसे होतो.

गुरुजी म्हणाले, "कानपिळीला नवरीच्या भावाला बोलवा."

"भाऊ कुठून आणणार? दोघी बहिणीच बिचाऱ्या," ताई हसून म्हणाली. "राहू द्या तो विधी."

नवरीने मान खाली घातली. मीनल मात्र पदर खोचून पुढे आली.

"बिचाऱ्या कशाने, काकू? हिच्या पाठीशी कोण आहे, हे जावयाला कळावं म्हणून कान पिळतात ना? मी आहे की."

आणि तिने नवऱ्याचा कान पिळला.

"आई गं! मीनलताई, हळू!" तो ओरडला.

"हळूच आहे हा. हिला रडवलंत तर खरा पिळीन."

नवरी खुदकन हसली.

माझ्यासारख्याला अपमानाचे उत्तर घरी पोचल्यावर सुचते, आणि तेही रागाचे. मीनलचा आवाज चढला नाही, डोळे भरले नाहीत. दुसऱ्याने आपल्याला किती लेखले, याचा हिशेब तिने मांडलाच नाही. ती सरळ आपल्या जागेवर जाऊन उभी राहिली. इतके साधे असते हे, आणि किती जणांना जमते?

ताई माझ्या कानाशी कुजबुजली, "तिला नुसता नारळ दे."

भावासाठी ठेवलेले पाचशे एक रुपयांचे पाकीट मी मीनलच्या हातात दिले, आणि वर नारळही.