कनातीतल्या बायांना सामना सांगणारा इलियास

समजा, तुम्ही फुटबॉल क्लबचे कारभारी आहात. पोरं जमवणं, चेंडू शिवून घेणं, भांडणं मिटवणं, सगळं तुमच्याकडं. आणि सामना सुरू झाला की पत्र्याचा भोंगा तोंडाला लावून तोच सामना तुम्हाला सांगायचाय. खरा खरा. जमेल?

बीडच्या मोमीनपुऱ्यातल्या सायकलवाल्या इलियासला ते बरीच वर्षं जमलं. निजामाचं राज्य होतं. मैदानाच्या कडेला बायांसाठी आडोशाला कापडाची कनात लावत. एकदा त्याची बायको जाहेदा कुरकुरली, "अजी, कनातके नीचेसे बस पावां दिसते. गेंद किधर है?" इलियासनं रॉकेलचा डबा कापला, नळकांडं वळवून कथलाचा डाग दिला नि भोंगा केला. तेव्हापासून कनातीतून कुणी काही विचारलं की भोंग्यातून उत्तर द्यायचं, हा रिवाजच पडला.

मग गावातल्याच पेठेच्या क्लबाशी एक मोठा सामना ठरला. जिंकेल त्याला नदीकाठचं मैदान सरावाला मिळणार होतं. सकाळीच गोलकीपर गहिनीनाथ लंगडत आला.

"इलियासभाई, डावा गुडघा लई सुजलाय. पन कोनाला बोलू नका."

"येडा हाय का बे? मी कशाला बोलू?"

दुसरा गोलकीपर नव्हता. इलियासनं स्वतः पट्टी बांधली, वरून पायजमा चढवला. कुणाला काही कळलं नाही. पण कनातीतल्या बायांना दिसत होते ते पायच. सामना संपत आला, बरोबरी होती, तेवढ्यात आतून कडूबाईनं हाक दिली, "इलियासभाई, गहिनीनाथाचा पाय आसा कावून पडतोय?"

भोंगा तोंडालाच होता. "गुडघा सुजलाय, बाई. डावीकडं झेप घेता येत न्हाई त्याला!"

बोलून झाल्यावर त्यानं भोंगा झटकन खाली घेतला. पेठेच्या तात्याबानं चेंडू पुढं काढला आणि गहिनीनाथाच्या डाव्या बाजूनं मारला. गोल.

मैदान गेलं. गहिनीनाथ एवढंच म्हणाला, "तुमी आमचे, का कनातीचे?"

इलियासनं कारभार सोडला. क्लबाची पोरं वाळूत खेळू लागली; तो लांबून बघायचा, जवळ जायचा नाही. भोंगा मात्र सुटला नाही. उलट पेठवालेही त्याला बोलावू लागले. हा माणूस आपल्या माणसाचंही झाकत नाही, असं त्यांचं म्हणणं. हे कौतुक त्याला विंचवासारखं डसायचं. पुढं त्याचा आवाज कुणाच्या तरी कानी गेला आणि हैदराबादच्या रेडिओवर खेळाच्या बातम्या सांगायला तो गेला. गावात पेढे वाटले. गहिनीनाथानंही एक घेतला.

तात्याबा तोवर पोटापाण्यासाठी मुंबईकडं निघून गेला होता. तिकडून कुणी आलं की इलियास आधी त्याचीच चौकशी करी. भेटला तर एकच विचारायचं होतं: तात्याबा, त्या दिवशी तू माझं ऐकलंस, का तसाही डावीकडंच मारणार होतास?