अंदाएलीचा पुरावा

अंदाएली स्वाई कोर्टात जायचा तो लग्नातला कोट घालून. कोट लग्नातला, पोट नंतरचं; त्यामुळे बटणं लावायचा प्रश्नच नव्हता. तो मारंगूचा उतार उतरून बसकडे निघाला की कॉफीच्या झाडांमागून बायका हाका मारायच्या, "काय नुरूचे बाबा, पुन्हा लग्नाला का?"

"नाही बाई, घटस्फोटाला!" तो थाटात सांगायचा.

ते अगदीच खोटं नव्हतं. दावा चुलतभाऊ ओबेदीशी होता, आणि त्या दोघांइतका जुना संसार साऱ्या किलिमांजारोवर दुसरा नसेल. एकाच आजीने दोघांना वाढवलं. मबेगे, म्हणजे आमची केळ्यांची दारू, दोघं एकाच तुंब्यातून प्यायचे. चर्चमध्ये शेजारीशेजारी उभे राहून खर्ज लावायचे तेव्हा पुढच्या बाकावरची म्हातारी मंडळी जागी व्हायची. काय दिवस होते! त्या खर्जाची सर नंतर आलेल्या लाउडस्पीकरलाही आली नाही.

दोघांच्या केळीबागांमध्ये इसालेचं कुंपण होतं. उंच दांडा, लांब हिरवी पानं. आमच्याकडे हद्द त्याच झाडाने आखतात. एका पावसाळ्यात डोंगरावरून लोंढा आला आणि मधलं कुंपण घेऊन गेला. ओबेदीने नवं लावलं. अंदाएलीच्या मते ते सरकवून लावलं. चार केळी गेल्या असत्या तर त्याने चार शिव्या देऊन विषय संपवला असता. पण त्या पट्ट्यात आजीची कबर होती. नव्या कुंपणाने आजी ओबेदीकडे राहायला गेली.

"माझी आजी परत दे!" अंदाएली कुंपणावरून ओरडला.

"जिवंत असताना तिचं एक काम तरी ऐकलंस का रे?" पलीकडून उत्तर आलं. "आता आलाय मोठा नातू!"

झालं. बोलणं बंद. तुंबे वेगळे. चर्चमध्ये एक या टोकाला, एक त्या टोकाला. गाणं शिकवणारे मास्तर कपाळाला हात लावायचे, "अरे, दोन्हीकडून ढग गडगडतात आणि मध्ये नुसत्या चिमण्या!"

गावच्या कोर्टाने ओबेदीच्या बाजूने निकाल दिला. अंदाएलीने खाली मोशी शहरातल्या कोर्टात अपील केलं. वकीलबाई तरुण होत्या, शहरात वाढलेल्या. म्हणाल्या, "काका, तोंडाने सांगून भागणार नाही. जुनी हद्द होती याचा काहीतरी पुरावा आणा."

वरच्या वाटेजवळ जुन्या कुंपणातलं एक इसाले पुरातून वाचलं होतं. तारखेच्या सकाळी अंदाएलीने त्याचा मनगटाएवढा दांडा पानांसकट तोडला. ही जाडी बघून आंधळ्यालाही कळेल, खरं कुंपण कुठलं ते!

बायको, ऐकासिया, दारातच आडवी आली. "हे हातात घेऊन निघालात? इसालेचं पान घेऊन माणूस कशाला जातो, ठाऊक आहे ना?"

ठाऊक नसायला काय झालं? आमच्यात ज्याच्याशी भांडलो त्याच्यापुढे इसालेचं पान धरलं की ती माफी. आणि समोरच्याला ती नाकारता येत नाही. नाकारली तर घरावर अरिष्ट येतं म्हणतात.

"ते घराच्या दारात," अंदाएली म्हणाला. "मी कोर्टात चाललोय. कोर्टात पानाला पुरावा म्हणतात."

"कोर्टात म्हणत असतील. ओबेदीभावोजी कुठे वाढले?"

पण तोवर कोट फाटकाबाहेर गेला होता.

त्या दिवशी वाटेवर एकाही बाईने लग्नाची चौकशी केली नाही. कुणी मान लववली, कुणी डोळे पुसले. बसमध्ये एका म्हाताऱ्याने उठून जागा दिली आणि खांद्यावर हात ठेवला, "शोभलास, पोरा." पन्नाशीतल्या पोराला वाटलं, आपली बाजू एवढी भक्कम आहे की गावालाही पटलेली दिसते!

ओबेदी कोर्टाच्या आवारात झाडाखाली बसला होता. त्याने मान वर केली, अंदाएलीला पाहिलं, हातातला दांडा पाहिला आणि तो उभा राहिला. टोपी काढली. जवळून पाहिल्यावर अंदाएलीला दिसलं, याची मान किती बारीक झालीय. इतकी वर्षं नुसता आवाजच ऐकत होतो आपण.

ओबेदीने दोन्ही हात पुढे केले.

"हा पु..." अंदाएलीने सुरुवात केली.

शब्द अर्ध्यातच राहिला. 'हा पुरावा आहे, माफी नव्हे' एवढंच म्हणायचं होतं. पट्टा मिळाला असता, आजी मिळाली असती. हे दोन हात मात्र पुन्हा पुढे आले नसते.

"घे," तो म्हणाला. "जड आहे, सांभाळून."

आत वकीलबाईंनी विचारलं, "काका, पुरावा?"

"दिला."

"कोणाला?"

"त्याला."

बाईंनी फाईल मिटली. न्यायाधीश समुद्राकडचे होते, त्यांना इसाले म्हणजे काय ठाऊक नव्हतं. वादी-प्रतिवादी एकाच बाकावर बसून एकच रुमाल वापरताना पाहून त्यांनी चष्मा पुसला. समझोता कागदावर आला : हद्द कबरीवरून जाईल, आजी दोघांची. त्याच दांड्याने नवी हद्द धरायची. इसालेचा तोडलेला दांडाही मातीत खोचला की रुजतो. कबरीच्या उशाशी दोघांनी मिळून तो खोचला, आणि अपील तिथेच संपलं.

पुढे कित्येक वर्षांनी, तो दांडा छपराएवढा झाल्यावर, त्याच्याच सावलीत अंदाएलीने तुंबा खाली ठेवला. "दादा, एक सांगू? त्या दिवशी मी माफी मागायला आलोच नव्हतो. तो पुरावा होता."

ओबेदीने तुंबा उचलून आधी आपला घोट घेतला.

"ठाऊक आहे रे. माफी मागणारा एक पान आणतो. तू ओंडका घेऊन आला होतास."

"मग घेतलास कशाला?"

"तुला परत न्यायला जड झाला असता," ओबेदी म्हणाला आणि तुंबा त्याच्या हातात दिला.