पाठ असलेला रस्ता

नोकरीतली बरीच प्रकरणे आता एकमेकांत मिसळून गेली आहेत. होळीच्या तोंडावरची ती एक घटना मात्र आजही जशीच्या तशी आठवते. मी तेव्हा मोखाडा तालुक्यात पोलीस ठाण्याचा प्रभारी होतो. यातल्या कोणाचेही नाव मी घेणार नाही, कारण ती माणसे अजून त्याच डोंगरात राहतात आणि मोखाड्याच्या बाजारात एकमेकांना भेटतात.

दिवाळी झाली, भातझोडणी आटपली की आमचा तालुका अर्धा रिकामा होतो. कोणी भिवंडी-वसईच्या वीटभट्ट्यांवर जातो, कोणी ठाण्याला बांधकामावर. परततात ते होळीला. कितीही लांब असोत, होळीला माणूस आपल्या पाड्यावर हवा म्हणजे हवाच. त्या आठवड्यात जीपच्या टपावर माणसे, एका मोटारसायकलवर तिघे-चौघे, असा सगळा ओघ डोंगर चढत असतो. आम्ही बंदोबस्तात. दरवर्षी त्या दिवसांत एक-दोन तरी मोटारसायकलवाले मरायचे, आणि खरे सांगतो, ठाण्यात त्याची इतकी सवय झाली होती की ठाणे अंमलदार मयताचे नाव विचारण्याआधी 'पिऊन होता का' हे विचारायचा.

होळीला दोन दिवस होते. तिन्हीसांजेला सूर्यमाळच्या रस्त्यावर, एका पाड्याजवळ, एक तरुण मोटारसायकलवरून पडला. तो पलीकडच्या पाड्यातला. ठाण्याला गोदामात हमालीला होता, चार-पाच महिन्यांनी घरी येत होता. पाड्यातल्या लोकांनी त्याला जीपमध्ये घालून मोखाड्याला आणायला काढले, पण वाटेतच तो गेला. डोक्याला मार लागला होता, बाकी अंगावर खरचटण्यापलीकडे फारसे काही नव्हते.

दुसऱ्या दिवशी सकाळी माझ्या हवालदाराने पंचनामा केला. मी त्या सकाळी जव्हारला न्यायालयात साक्षीला होतो. रस्ता जागोजागी उखडलेला, अपघाताच्या जागी मुरूम पसरलेला, गाडी जुनी, हेडलाइटची काच पिवळी पडलेली आणि वायर चिंधीने बांधलेली, असे सगळे त्याने व्यवस्थित लिहिले होते. मागच्या सीटला दोरीने बांधलेली एक पिशवी आणि हेल्मेट. हेल्मेट उलटे ठेवून बांधले होते. त्यात लहान मुलीचा फ्रॉक, आणि फ्रॉकात गुंडाळलेली साखरेच्या गाठ्यांची माळ. होळीला आमच्याकडे लेकराच्या गळ्यात अशी माळ घालतात. हवालदाराने वस्तू मुद्देमालात जमा केल्या आणि मी कागदावर सही केली.

पाड्यातल्या लोकांचे म्हणणे एकच होते. एक टेम्पो आला, उडवून गेला, नंबर कोणी पाहिला नाही. त्यावरून अज्ञात वाहनचालकावर गुन्हा दाखल झाला.

त्याच दुपारी मयताची आई ठाण्यात आली. काटक, उन्हाने रापलेली बाई, कडेवर नात. ती रडली नाही. माझ्या टेबलासमोर उभी राहून म्हणाली, "कोणते गाडीने मारला माझे पोराला, तेवढा सांग." आमच्या भागात साहेबालाही 'तू' म्हणतात, त्यात अनादर नसतो. मी शोधतो म्हणून सांगितले. त्यानंतर दर बाजाराच्या दिवशी ती येऊ लागली. मिरच्यांचे वाटे विकून झाले की ठाण्याच्या ओट्यावर येऊन बसायची, मी दिसलो की तोच प्रश्न विचारायची आणि शेवटच्या जीपने निघून जायची. तिला भरपाई नको होती, शिक्षाही तिने कधी मागितली नाही. मुलगा कशाने गेला, एवढेच तिला कळायला हवे होते.

होळी झाली आणि खबर मिळाली. सूर्यमाळच्या फेऱ्या करणाऱ्या एका जीपवाल्याने आमच्या शिपायाच्या कानावर घातले की त्या संध्याकाळी टोमॅटोचे क्रेट भरलेली एक पिकअप भरधाव खाली आली होती, डाव्या बाजूचा आरसा तुटलेला. अशी गाडी शोधणे अवघड नसते. त्रिंबकच्या बाजूचा ड्रायव्हर होता, पुढच्याच खेपेला नाक्यावर सापडला. आरसा खरेच तुटका होता. मला वाटले, काम झाले.

चौकशीत तो आधी खोटेच बोलला. त्या रस्त्याने आलोच नाही म्हणाला. खोटे बोलणारा माणूस बहुतेक वेळा गुन्हेगार असतो, असे नव्या पोलिसाला वाटते. मला तितक्या वर्षांत कळले होते की घाबरलेला माणूसही तितक्याच सफाईने खोटे बोलतो. मी त्याला चहा दिला आणि बराच वेळ काहीच विचारले नाही. मग तो फुटला. हो, मी तिथून आलो, पण पोरगा आधीच पडलेला होता. उतरणार होतो, तेवढ्यात पाड्यातून माणसे धावत आली. मारतील म्हणून गाडी पळवली. आरसा महिन्यापूर्वीच तुटलाय, मालकाला विचारा.

'आधीच पडलेला होता' हे वाक्य प्रत्येक आरोपी म्हणतो. हवालदार तर हसलाच. पण ड्रायव्हर पुढे जे बोलला ते वेगळे होते. म्हणाला, "साहेब, तिथला तो गतिरोधक लई वाईट आहे. आधीच्या खेपेला माझाच वरचा क्रेट उडाला, अर्धे टोमॅटो रस्त्यावर. तेव्हापासून मी तिथे गाडी पार पहिल्या गिअरवर घेतो."

हवालदार माझ्याकडे पाहू लागला. पंचनाम्यात गतिरोधक नव्हता. रस्त्यावरही नव्हता, हे त्याने स्वतः पाहिले होते. ड्रायव्हरला खोटेच रचायचे असते तर त्याने एखादी दुसरी गाडी रचली असती. रस्त्यावर नसलेला गतिरोधक कशाला रचेल? मोटार वाहन निरीक्षकाचा अहवाल मी पुन्हा काढून वाचला. मोटारसायकलवर दुसऱ्या वाहनाच्या रंगाचा अंश नाही, इंजिनाखालची पट्टी आत दबलेली, पुढची रिम वाकलेली. म्हणजे गाडी खालून कशावर तरी आदळली होती. अज्ञात वाहन डोक्यात धरून वाचले तेव्हा यातले काहीच नजरेत भरले नव्हते. मी जीप काढायला सांगितली.

जागेवर पोचलो आणि उतरताच थबकलो. रस्त्याच्या ऐन मधोमध होळीची राख होती. अर्धवट जळालेली लाकडे कडेला सारलेली, डांबर काळे पडून फुगलेले.

त्या पाड्याच्या होळीला मी आधी बंदोबस्ताच्या निमित्ताने जाऊन आलो होतो. होळीची जागा ठरलेली होती, पाड्याच्या वरच्या अंगाला, देवाच्या दगडासमोर. बापजाद्यांपासून तीच. घर हलेल, विहीर आटेल, पण होळीची जागा कोणी हलवत नाही. मी वर जाऊन पाहिले. तिथे गवत तसेच वाळून उभे होते. त्या वर्षी तिथे होळी पेटलीच नव्हती.

पाड्यातल्या एका वयस्कर माणसाला मी विचारले, "बाबा, होळी खाली का आणली या वर्षी?" तो माझ्याकडे न बघता पायाच्या अंगठ्याने माती उकरत राहिला. मी शिपायांना राख झाडायला सांगितली. खाली डांबराला घट्ट चिकटलेला सिमेंटचा पट्टा या कडेपासून त्या कडेपर्यंत गेला होता. पहारीने वरचे सगळे काढले होते, एवढा थर निघाला नव्हता. तोच झाकायला देवासमोरची होळी रस्त्यावर आली होती.

आता चौकशी पाड्याची होती. पुरुष म्हणाले, गतिरोधक सगळ्यांनी मिळून केला. बायका म्हणाल्या, आम्हाला ठाऊक नाही. मी कोणावर आवाज चढवला नाही. एका घराच्या ओट्यावर बसून राहिलो. समोरच्या घरातून एक मुलगी भांडे घेऊन बाहेर आली, पाय वाकडा टाकत चालत होती. मी तिच्या पायाकडे पाहतोय हे तिच्या बापाने पाहिले. तो येऊन माझ्यासमोर उकिडवा बसला.

हकिगत साधी होती. टँकर जिथे पाणी ओततो ती विहीर रस्त्याच्या पलीकडे. पाड्यातली सगळी बाया-पोरे हंडे घेऊन तो रस्ता ओलांडतात. दिवाळीच्या सुमारास एका मोटारसायकलवाल्याने या मुलीला उडवले आणि तो थांबलाही नाही. पाय मोडला, तो वाकडाच जुळला. तिच्यासाठी बाप त्या वर्षी भट्टीवर गेला नाही. गतिरोधक करून द्या म्हणून ज्याला विचारायचे त्याला विचारून झाले. मग घरकुलातले उरलेले सिमेंट आणि ओढ्यातले दगड घेऊन त्याने तो स्वतः बांधला. मुलगी वाचली पाहिजे, म्हणून चांगला उंच बांधला. त्यावर रंग नाही, त्याच्या अलीकडे पाटी नाही. पाड्यातल्यांना ठाऊक होता, जीपवाल्यांना ठाऊक झाला होता. जे बाहेरगावी गेले होते, त्यांना कोण सांगणार?

"त्याला उचलला मीच," तो म्हणाला. "डोका माझे मांडीवर होता. त्याचा बाप आणि मी एकाच भट्टीवर होतो, साहेब. लोक बोलले, आता तुला नेतील, पोरीला कोण बघील? म्हणून रातीच काढला."

मी त्याला घेऊन गेलो. पिकअपच्या ड्रायव्हरला सोडले आणि या बापावर गुन्हा दाखल केला. हे अनेकांना आवडले नाही, माझ्या हवालदारालाही नाही. मला तरी कुठे आवडले होते? जीपमध्ये तो माझ्यामागे बसला होता आणि मला मागे वळून बघवत नव्हते. पण एक माणूस मेला होता, पुरावा नष्ट झाला होता, आणि एक निरपराध ड्रायव्हर तुरुंगाच्या दारात उभा होता. दया आली म्हणून कागद कोरा ठेवता येत नाही. मुलीचा पाय, विहीर, न झालेला गतिरोधक, हे सगळे मात्र मी तपशिलाने लिहिले. पुढे न्यायालयाने ते वाचले आणि त्याच्याकडे माणूस म्हणून पाहिले, एवढे सांगून थांबतो.

खरी कसोटी पुढच्या बाजाराच्या दिवशी होती. ती ओट्यावर येऊन बसली आणि तिने तोच प्रश्न विचारला. मी तिला आत बोलावले, खुर्चीवर बसवले, आणि कुठल्याच गाडीने मारले नाही म्हणून सांगितले. गतिरोधक सांगितला, तो कोणी आणि का बांधला ते सांगितले. तिच्या मुलाच्या पोटात दारूचा थेंब नव्हता, हे मुद्दाम सांगितले, कारण गावात पिऊन पडला म्हणून बोलून लोक मोकळे झाले होते. हेडलाइट अधूनमधून विझत असावा, अंधारून आले होते, पण त्याला रस्ता पाठ होता. लहानपणापासूनचा रस्ता. त्या भरवशावर त्याने गाडी वेगात सोडली, आणि तो कामाला गेला तेव्हा नसलेली एक गोष्ट आता तिथे होती.

तिने सगळे ऐकून घेतले. मग म्हणाली, "त्याने मला सांगायचा होता ना. माझे घरी येऊन सांगायचा होता." दगड का लावले, हे तिने एकदाही विचारले नाही. गतिरोधक बांधला याचा तिला राग नव्हता. तो लपवला याचा होता, आणि तो राग माझ्या माहितीप्रमाणे तिने शेवटपर्यंत सोडला नाही.

निवृत्तीच्या थोडे आधी रस्ते-सुरक्षेच्या एका प्रशिक्षणाला गेलो होतो. शिकवणाऱ्याने पडद्यावर देशोदेशीचे रस्ते दाखवले, कुठे भातशेतातले, कुठे डोंगरातले, कुठे मोठ्या शहरातले. गावांची नावे माझ्या तोंडात बसत नव्हती, पण मोटारसायकलवरची माणसे अगदी आमचीच होती. तोच वेग, तेच उघडे डोके, तोच फुटका दिवा, तीच तिघांची सीट, आणि दवाखान्यापर्यंतचे तेच अंतर. सगळे वहीत उतरवून घेत होते. मला त्या सूर्यमाळच्या रस्त्याखेरीज दुसरे काही दिसत नव्हते. जगभरात दुचाकीवर माणूस बहुधा एका कारणाने मरत नाही. त्यातले एखादे कारण जरी त्या दिवशी नसते, तरी तो पोरगा घरी पोचला असता. आम्हा पोलिसांना मात्र गुन्हा लिहायला एक आरोपी लागतो, आणि तो सापडला की बाकीच्या कारणांकडे कोणी वळून बघत नाही. त्या जागी आता पांढऱ्या पट्ट्यांचा पक्का गतिरोधक आहे. एका मुलीचा पाय आणि एक जीव गेल्यावर तो झाला.

मुद्देमाल परत द्यायची परवानगी आली तेव्हा मी त्याच्या आईला बोलावून हेल्मेट हातात दिले. हे हेल्मेट त्याने ठाणे शहरात घेतले होते, तिथे पोलीस पकडतात म्हणून. जव्हार मागे पडल्यावर इकडे कोण पकडतो, म्हणून काढले असणार. गाठ्या पिशवीत फुटतील, म्हणून त्यात ठेवल्या. हेल्मेट पोलिसांसाठी घालायचे असते, ही समजूत लोकांच्या डोक्यात कोणी घातली, याचे उत्तर आम्हीच द्यायला हवे.

तिने फ्रॉक उलगडला. माळ बाहेर काढून एकेक गाठी बोटांनी चाचपून पाहिली. नात तिला बिलगून उभी होती.

"एक पण नाय फुटली," ती म्हणाली.

तिने माळ नातीच्या गळ्यात घातली, होळी कधीच होऊन गेली होती तरी. हेल्मेट काखेत घेऊन ती जीपकडे गेली. मी आता निवृत्त आहे, कोणाला अडवायचा अधिकार मला नाही. पण होळीच्या दिवसांत जव्हारच्या रस्त्यावर एखादा पोरगा कोपरात हेल्मेट अडकवून जाताना दिसला की त्याला थांबवून विचारावेसे वाटते, बाबा, यात काय जपून नेतो आहेस?