पडायचं कसं, उठायचं कसं

कुठे कुठे खेळलात असं विचारलं, की आमचा हा शेजारी अंगावरच देश दाखवायचा. डाव्या खांद्यावर बोट ठेवून म्हणायचा, “हियाँ फ्रान्स.” वाकड्या नाकावर, “हियाँ रोमेनिया.” उजव्या हाताची करंगळी सरळ होत नसे, ती जपानची. मग हात पसरून हसायचा. “हॉलंड अच्छा है. अभी तक कुछ नहीं टूटा.”

तो मूळचा फिजीचा आणि पेशाने रग्बी खेळाडू. पोरवयात न्यूझीलंडला गेला आणि तिथून क्लब नेतील तिकडे जात राहिला. छत्तिशीला आल्यावर हॉलंडमधल्या आइंडहोवनजवळच्या एका छोट्या क्लबाने त्याला खेळायला आणि पोरांना शिकवायला बोलावलं, म्हणून तो न्यूनेनला आमच्या शेजारी राहायला आला. त्याचं फिजीतलं गाव उसाच्या पट्ट्यातलं. पूर्वी भारतातून तिकडे नेलेल्या मजुरांची नातवंडं-पतवंडं त्याच्या शाळेत होती. त्यांची हिंदी त्याच्या तोंडात बसली होती, थोडी भोजपुरी वळणाची, ऐकायला गोड.

माझी आई त्याच सुमारास नागपूरहून तीन महिन्यांसाठी आली होती. निवृत्त शाळामास्तरीण. करोना आला, विमानं बंद झाली आणि ती इथेच अडकली. आम्ही दोघं नवरा-बायको दिवसभर लॅपटॉपसमोर, मुलगी आजीला डचमध्ये उत्तरं देणार. आईला बोलायला माणूस नव्हतं. एक दिवस तिने मागच्या कुंपणावरून पाहिलं, तर हा धिप्पाड माणूस अंगणात एकटाच पाठीवर वाळूचं पोतं घेऊन उठाबशा काढत होता.

“कायको इतनी मेहनत करता रे? मॅच तो बंद है,” आईने तिच्या नागपुरी हिंदीत विचारलं.

“शरीर को नहीं मालूम, आई.”

तिला आई म्हणायला त्याला कुणी सांगितलं नव्हतं. मी हाक मारायचे ती त्याने ऐकली असणार. त्या दिवसापासून कुंपणाच्या दोन्ही बाजूंना दोन खुर्च्या आल्या, मध्ये नियमाचं दीड मीटर अंतर ठेवून.

एप्रिलमध्ये पाऊस पडून गेला होता. घरांमागच्या विटांच्या वाटेवर शेवाळ होतं आणि आई तिथे घसरली. तिची हाक ऐकून मी मीटिंग सोडून धावले. पाहते तर आई जमिनीवर आडवी आणि हा माणूस चार हात लांब मांडी घालून बसलेला. एका हाताने तिला उचलू शकला असता. मी संतापून पुढे झाले, तर त्याने तळवा दाखवून मला थांबवलं.

“कहाँ पिराता?” तो आईला विचारत होता. म्हणजे कुठे दुखतंय. कंबर? मनगट? मान हलते का? सगळं जागेवर आहे हे पटल्यावर म्हणाला, “अब करवट पे आओ. हाँ. घुटना नीचे. अब हात टेको.” आई कण्हत, पुटपुटत, त्याच्यावर चिडत स्वतःच उभी राहिली. साडीला शेवाळ लागलं होतं. तो टाळ्या वाजवत होता.

“मी उचललं असतं, तर ती पुन्हा बाहेर आलीच नसती,” तो मला नंतर इंग्रजीत म्हणाला. “पडल्यावर काय करायचं हे कळलं, की भीती कमी होते. माझं सगळं आयुष्य याच्यावरच चाललंय.”

दुसऱ्या दिवसापासून आमच्या घरासमोरच्या हिरवळीवर आईची शिकवणी सुरू झाली. साडीऐवजी माझी ट्रॅकपँट. खाली बसायचं, कुशीवर लोळायचं, उठायचं. आईने त्याला ‘जयभीम’ म्हणायला शिकवलं, तो रोज त्यानेच सुरुवात करायचा. जाणारे-येणारे सायकली हळू करून बघायचे. आई त्यांच्याकडे शाळा तपासायला आलेल्या साहेबाकडे बघावं तसं बघायची.

उन्हाळ्यात सीमा उघडल्या आणि त्याला फ्रान्समधल्या एका क्लबाचं बोलावणं आलं. एक शेवटचा हंगाम. त्याने केस कापले, मिठाई वाटावी तसं साऱ्या गल्लीत केळ्याचा केक वाटला आणि डॉक्टरी तपासणीसाठी आगगाडीने गेला. परत आला तो सरळ कुंपणाशी. खुर्चीवर बसला. मी भाजी निवडत तिथेच होते.

“डॉक्टर बोला, खतम,” तो म्हणाला. खांदा आता जुळणार नव्हता आणि डोक्यावर आणखी मार बसू देणं धोक्याचं होतं. “आई, हम दूसरा काम नहीं जाना.”

दुसरं काम त्याला येत नव्हतं. एवढा मोठा माणूस खुर्चीत मावेनासा होता तरी मला तो लहान दिसला.

मला वाटलं, आई आता धीर देईल. ती म्हणाली, “मैं रिटायर हुई ना, तो मेरे को लगता था मेरे बिना शाला की घंटी कैसे बजेगी. दूसरे दिन घर से सुनी. बराबर टाइम पे बजी. बहुत बुरा लगा रे.”

त्याचे खांदे गदगदायला लागले. मला वाटलं रडतोय. रडतही होता, पण हसणं जास्त होतं.

“फिर तुम क्या किया?”

“घर में बैठ के सब पे चिडचिड की. तू मत कर. कल वो कोनेवाली बाई को भी बुला. वो काठी लेके चलती है, डरती है.”

कोपऱ्यावरची बाई आली. तिने तिच्या मैत्रिणीला आणलं. ऑगस्ट संपेतो हिरवळीवर लांब लांब अंतरावर आठ-दहा डच आज्या-आजोबा गवतात लोळत होते आणि आमचा खेळाडू मधून फिरत होता. मग इथल्या हाउसआर्ट्सने, म्हणजे आमच्या फॅमिली डॉक्टरने, आपले म्हातारे पेशंट त्याच्याकडे पाठवायला सुरुवात केली. त्याने त्या कामाचं रीतसर शिक्षणही घेतलं. परीक्षा डचमध्ये होती. मला म्हणाला, जपानमध्ये मार खाणं सोपं होतं.

विमानं सुरू झाल्यावर आईला त्यानेच स्खिपोल विमानतळावर सोडलं. आत फक्त प्रवाशांना सोडत होते, तेव्हा निरोप दाराबाहेरच झाला. नियम मोडून आईने त्याच्या वाकड्या नाकावरून हात फिरवला आणि म्हणाली, “आता लग्न कर.” हे मराठीत म्हणाली. त्याला कळलं.

पुढे त्याच्या देशाने दारं उघडली आणि तोही गेला. गावच्या दवाखान्यात हेच काम करतो. पूर आणि वादळांच्या गावात म्हाताऱ्यांना उठता येणं फार गरजेचं असतं, असं त्याने आईला फोनवर सांगितलं. लग्नाचं मात्र तो अजून टाळतो.

इथला वर्ग कोपऱ्यावरची बाई चालवते. परवा कुत्रा फिरवायला निघालेल्या एका नवख्या माणसाने एवढी म्हातारी माणसं गवतात पडलेली पाहिली आणि घाबरून फोन काढला. बाईने आडवं पडूनच हात हलवला आणि त्याला पुढे जायला सांगितलं.