खांदा नेमका कुठला?

माझी नणंद दर दिवाळीला विचारते, "वहिनी, दिवसभर कॉम्प्युटरवर आकडे टाकता, कंटाळा नाही येत?" मी तिला एक किस्सा सांगते. मग ती म्हणते, अजून एक. असं करत करत फराळाचं ताट रिकामं होतं आणि माझे किस्से तसेच शिल्लक! आमची खोली आहेच तशी. बोईसरच्या एका हॉस्पिटलच्या मागच्या अंगाला, औषधांच्या खोक्यांना खेटून. पण ऐट विचारू नका!

काम थोडक्यात सांगते. डॉक्टर निदान लिहितात, आम्ही त्याला कोड लावतो. तो कोड कुठेही वाचला तरी पेशंटला काय झालंय ते कळतं. विमावाल्यांचं तर त्याच्याशिवाय पान हलत नाही. आता खांद्याच्या सांध्यात बिघाड आहे, पण कसला ते लिहिलेलंच नाही, यालाही एक कोड आहे. आणि उजवा की डावा तेही माहीत नाही, त्यालाही आहे! आमच्या खोलीत त्याचं नाव 'देवजाणे'. बारसं हर्षदाने केलं.

ही हर्षदा जवळच्या पाम गावची. घरची वाडी, वडील नाहीत, आई एकटी भाजी पिकवून बाजारात आणते. पोरगी आमच्याकडे शिकायला म्हणून आली आणि महिन्याभरात आम्हालाच शिकवायला लागली. देवजाणे लावणं नियमात बसतं हो, पण हिला ते लावायचं म्हटलं की अंगावर पाल पडल्यासारखं होतं.

*

आमच्या हाडांच्या डॉक्टरांचं, दळवी सरांचं हस्तलाघव फार. ऑपरेशन बघत राहावं असं, पण लिहायचा कंटाळा! एकदा फाईलवर निदानाच्या जागी नुसतं 'खांदा' आणि पुढे प्रश्नचिन्ह.

हर्षदा फाईल घेऊन थेट ओपीडीत. "सर, प्रश्नचिन्हाला कोड नाही."

सर हसले. "मग तुम्हीच लिहा की उत्तर!"

"लिहिते सर. पण मग उद्यापासून ओपीडीत मी बसते, तुम्ही आमच्या खोलीत बसा. पंखा बंद आहे, आधीच सांगते!"

सरांनी तिथल्या तिथे निदान पूर्ण केलं. तेव्हापासून ती दारात दिसली की म्हणतात, "आल्या इन्स्पेक्टर!" आणि हो, पंखाही दुरुस्त झाला.

*

तारापूरच्या कारखान्यातला एक ऑपरेटर. कागदावर बाजू नाही. हर्षदाने फोन लावला, "भैया, कौन सा कंधा?"

"मशीन वाला."

"मशीन किस तरफ है?"

"दरवाजे के सामने."

"और दरवाजा?"

"कैंटीन के सामने!"

अख्ख्या कारखान्याचा नकाशा झाला, खांदा काही सापडेना. शेवटी बाईने डोकं चालवलं. "जिस हाथ से खाना खाते हो, वो वाला?"

पलीकडचा चिडलाच. "मैडम, कैसी बात करती हो? वो तो दुखता है! आजकल दूसरे से खाता हूँ!"

उजवा! आम्ही सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. त्या बिचाऱ्याला वाटलं, त्याच्यावर हसतोय. मग हर्षदाने त्याला समजावलं, वर व्यायाम चुकवू नको म्हणून दमही दिला.

*

उमरोळीचं एक जोडपं. काका म्हणाले डावा खांदा, काकू म्हणाल्या उजवा. झालं! ओपीडीत दोघांची जुंपली.

"खांदा माजा हाय का तुजा?"

"रोज तेल कोण लावते? मना ठाव नाय?"

दळवी सरांनी आधी डावा खांदा दाबला. काका ढिम्म. उजवा दाबला मात्र, काका असे ओरडले की बाहेरची रांग उठून उभी राहिली!

काकूंनी पदर सारखा केला आणि सरांना म्हणाल्या, "पुढच्या वेळेस मनाच विचारा. याला कशाला तरास देता?"

*

आता हर्षदाचं. कोडिंगची मोठी परीक्षा असते, अवघड. ती पास झाली की माणूस पक्का कोडर. हर्षदा बसायची ठरली तेव्हा खोलीतल्या सगळ्यांनी तिच्या वाटचं काम वाटून घेतलं. डब्यातली भाजी तोंडात आणि पुस्तक मांडीवर, असे तिचे दिवस.

एकदा जेवताना हसत हसत सांगते, "अनिताताई, आईने यंदा तोंडलीचा मांडव खाली बांधलाय. म्हणते नवी पद्धत आहे. वाडीत सगळे वाकून चालतो आम्ही. मामा तर बांबूला डोकं आपटून घेतो रोज!"

सगळे हसले. माझा घास मात्र हातातच राहिला. दिवसभर खांदेच वाचते ना मी! मांडव खाली कोण घेतं? ज्याचा हात वर जात नाही तो.

रविवारी भाजी आणायच्या निमित्ताने मी पामला गेले. हर्षदा क्लासला गेलेली. तिची आई, आमच्या काकू, चहा टाकत होत्या. साखरेचा डबा वरच्या फळीवर. डाव्या हाताने काढला, उजवा अंगाला चिकटलेला.

"काकू, हात वर करा बघू."

"कशाला? मी काय चोर हाय?"

"करा ना."

केला. खांद्यापर्यंतही आला नाही, आणि चेहरा पांढराफटक. म्हटलं, उद्याच चला दळवी सरांकडे. तर बाई हातच जोडायला लागल्या, तेही जमेना.

"ताई, तिला बोलू नका, तुमाला माजी शपथ हाय. तिला कललं तर पुस्तक मिटवून वाडीत उभी राहील. मी ओलखते तिला. आमच्या घरात आतापर्यंत कोन शिकला नाय. परीक्षा होऊ द्या. निकाल लागला की मी आपली येते."

"आणि तोवर खांदा कायमचा बसला तर?"

"मांडव अजून खाली घेऊ!"

मी तरी सोडलं नाही. सरांच्या कानात सांगितलं, त्यांनी शेकायचं आणि हात हलवायचे दोन प्रकार सांगितले, ते मी काकूंना करून दाखवले. पण तपासायला यायला बाई तयार नाही. इकडे पोरगी आमच्यासमोर खांद्याचे कोड पाठ करतेय आणि मी खिडकीबाहेर बघतेय! फार जड गेलं मला ते. शपथ घातली होती ना काकूंनी.

*

निकाल लागला. हर्षदा पास! नुसती पास नाही, दणक्यात! खोलीत पेढे, दळवी सर स्वतः आले. "इन्स्पेक्टरला बढती!" म्हणाले. मी तर रडलेच. रडू कशाकशाचं होतं ते माझं मलाच माहीत.

दुसऱ्या दिवशी सकाळी ओपीडीत पहिला नंबर काकूंचा. नवं लुगडं, केसात अबोलीचा वळेसर, कुणाकडून तरी माळून घेतलेला. पोरीला पत्ता नाही. मी सोबत.

सरांनी हात धरून सगळ्या बाजूंनी फिरवून पाहिला. काकूंनी हूं का चूं केलं नाही. एक्सरे झाला.

"फ्रोझन शोल्डर आहे. खांदा गोठलाय. व्यायामाने सुटेल, पण वेळ लागेल. इतके दिवस अंगावर काढलंत?"

"ते जाऊ द्या. तुमी लिवा."

सर लिहायला लागले. काकू खुर्चीतून उठून त्यांच्या शेजारी उभ्या राहिल्या.

"उजवा लिवला का?"

"लिहिला."

"काय झालाय ते?"

"लिहिलं."

"कवापासना दुखते ते? कशान? सगला लिवा डाक्टर, अर्धा सोडू नका. अर्ध्याला माजी पोर कोड लावत नाय."

सरांनी मान खाली घालून लिहिलं, पानभर. इतकं लिहिताना मी त्यांना आजवर पाहिलेलं नाही. काकूंनी तो कागद डाव्या हाताने उचलला आणि माझ्यापुढे धरला.

"ताई, वाचा बगू. काय राहिलाय का?"

मी वाचलं. अक्षरं पुसट दिसत होती, पण वाचलं. "नाही काकू. काही राहिलं नाही."

"मंग आता बोलवा माज्या पोरीला."