क्योटोत आलेले आबा

परवा वेरूळच्या लेण्यांबाहेर जपानी पाहुण्यांनी उदबत्ती लावली आणि मला क्योटोतली एक संध्याकाळ आठवली. गाइड होण्याआधी मी तिथं जपानी शिकत होते. पितर घरी येण्याचे त्यांचे दिवस संपत आले होते. घरमालकीणबाईंनी देव्हाऱ्यापुढं नवऱ्यासाठी चहा ठेवला, मग आणखी एक पेला भरला.

"हा कुणाला?"

"तुझ्या मागं उभे आहेत त्यांना. खांद्यावर जाड, काळं पांघरूण आहे."

मेंढरं राखणारे माझे वडील, आबा, वर्षापूर्वी गेले होते. त्यांच्या घोंगड्याबद्दल मी तिथं कुणापाशी बोलले नव्हते.

समोरच्या डोंगरावर पितरांना निरोप देणारा जाळ पेटला. बाई म्हणाल्या, "आता त्यांना जायला सांग."

"आबा, घरी जा," मी पुटपुटले. मानेजवळ लोकरीचा वास आला आणि विरला. तेव्हा भीतीनं मी मागं पाहिलं नाही. आता वाटतं, पाहायला हवं होतं.

दुसऱ्या दिवशी गावाकडून आईचा फोन आला.

"काल आपलं म्हातारं कुत्रं लई येड्यावानी करत होतं बग. दारात कुणी नाय, तरी शेपूट हलवत उभं राहिलं. मग कुणाच्या तरी मागं चालल्यावानी मेंढरांच्या वाड्याकडं गेलं."